जेरेमी आयझॅक्स : युद्ध पडद्यावर आणणारा निर्माता

जन्म १९३२, ग्लासगो. ऑक्सफर्डमध्ये शिक्षण, १९५८ मध्ये ग्रॅनडा टेलिव्हिजनमध्ये नोकरी. पण नाव झालं ते थेम्स टेलिव्हिजनच्या ‘द वर्ल्ड ॲट वॉर’मुळे. दुसऱ्या महायुद्धावरची ही २६ भागांची मालिका ३१ ऑक्टोबर १९७३ पासून ब्रिटनमध्ये दाखवली गेली. खर्च सुमारे ९ लाख पौंड. त्या काळी डोळे विस्फारायला लावणारा.

आयझॅक्स यांची खरी हुशारी माणसं निवडण्यात दिसते. बड्या सेनापतींवर विसंबण्याऐवजी त्यांच्या हाताखालच्यांना, साध्या सैनिकांना आणि नागरिकांना त्यांनी बोलतं केलं. हिटलरची सचिव ट्राउडल युंगे कॅमेऱ्यासमोर बसली, मंत्री अल्बर्ट श्पेअरही. निवेदन लॉरेन्स ऑलिव्हिए यांचं. सुरुवात ओरादूर-सुर-ग्लान या उद्ध्वस्त फ्रेंच गावापासून होते आणि शेवटच्या भागात मालिका तिथेच परतते. आपल्या वाचकांनी चौदावा भाग जरूर पाहावा. तो ब्रह्मदेशच्या आघाडीवर आहे.

पुढे ‘चॅनल फोर’चे ते पहिले मुख्य कार्यकारी अधिकारी झाले, वाहिनी २ नोव्हेंबर १९८२ ला सुरू झाली. नंतर लंडनच्या रॉयल ऑपेरा हाउसचा कारभार! इतिहास मात्र सुटला नाही. टेड टर्नर यांच्या कल्पनेतून आलेली ‘कोल्ड वॉर’ ही २४ भागांची मालिका त्यांनी १९९८ मध्ये सादर केली. ‘सर’ हा किताब त्याआधीच, १९९६ मध्ये मिळाला होता.