एप्समचं रहिवासी-राज्य

कुंडीतल्या गुलाबाला आपण जे एप्सम सॉल्ट घालतो, त्याचं मूळ गाव लंडनच्या वेशीवर आहे. तिथल्या झऱ्याच्या कडवट पाण्यामुळे सतराव्या शतकात एप्समचं नाव झालं. पुढे १७८०पासून डर्बीच्या शर्यतीने ते टिकवलं. १९१३च्या डर्बीत स्त्रियांच्या मताधिकारासाठी लढणारी एमिली डेव्हिसन राजाच्या घोड्यापुढे गेली, तीही इथेच. या गावाची तिसरी ख्याती मात्र फारशी कुणाला ठाऊक नाही. १९३७ साली एप्सम आणि युएल मिळून झालेल्या या भागाला ‘बरो’चा दर्जा मिळाला. तेव्हापासून तिथल्या परिषदेत ना हुजूर पक्षाची सत्ता आली, ना मजूर पक्षाची. गादीवर कायम रहिवासी संघच.

याचं मूळ एका रेल्वे स्थानकात सापडतं. १९३२ साली इथलं स्टोनली स्थानक सुरू झालं आणि शेतांवर जुळ्या घरांच्या रांगा उभ्या राहिल्या. पुढे बाग, मागे अंगण, मध्ये सामाईक भिंत. मालक लंडनला नोकरी करणारा कारकून किंवा शिक्षक, घर कर्जाचं. बिल्डर घरं विकून पुढच्या शेताकडे वळायचा, आणि रस्ता, दिवे, गटारं यांसाठी भांडायचं काम घरमालकांवर पडायचं. त्या भांडणांतून संघ झाले आणि संघांतून उमेदवार.

‘पक्ष’ हा शब्द या मंडळींना आवडत नाही. पण १९९८च्या कायद्यानंतर मतपत्रिकेवर स्वतःचं नाव हवं तर पक्ष म्हणून नोंदणी करणं भाग पडलं, आणि पक्ष नसण्याचा अभिमान बाळगणारे रीतसर पक्ष झाले! रचना तरी सैलच राहिली. प्रत्येक वॉर्डाचा संघ वेगळा, वर्गणी किरकोळ, आणि संघाची पत्रिका घरोघरी टाकायला गल्लीतलेच स्वयंसेवक. नगरसेवकावर पक्षादेश नाही. आपल्याकडच्या ‘शहर विकास आघाड्या’ आठवतील, पण तुलना फार ताणू नये. आपल्या आघाडीमागे बहुतेकदा तिकीट नाकारलेला कुणी नेता असतो. इथे वरून तिकीट देणारंच कुणी नाही.

मतदारांचं वागणं त्याहून गमतीचं. १९७४पासून २०२४पर्यंत एप्सम-युएल मतदारसंघाने लोकसभागृहात सलग हुजूर पक्षाचा खासदार पाठवला. २०२४ला लिबरल डेमोक्रॅट पक्षाची खासदार निवडून आली. त्याच घरांतून त्याच माणसांनी बरोसाठी मात्र रहिवाशांपुढेच फुली मारली. देश चालवायला एक, कचरा उचलायला दुसरा, असा हा सरळ हिशेब.

लहान असण्याचा फायदाही झाला. २००० सालच्या कायद्याने बहुतेक परिषदांना नेता आणि मंत्रिमंडळाची पद्धत घ्यायला लावली. ८५ हजारांहून कमी वस्तीच्या परिषदांना जुनी समिती-पद्धत ठेवायची मुभा होती, आणि एप्समने ती ठेवली. त्याआधी, १९६०च्या सुमारास, हा भाग बृहन्लंडनमध्ये घालायची शिफारस झाली होती. तीही टळली.

पण ‘आम्ही राजकारण करत नाही’ हे वाक्य मला पटत नाही. बरोचा चाळीस टक्क्यांहून अधिक भूभाग हरित पट्ट्यात आहे. तिथे घरं बांधू द्यायची की नाही, हा इथला खरा प्रश्न. २०२३ साली नव्या विकास आराखड्यावर एवढा गदारोळ झाला, की परिषदेने कामच काही महिने थांबवलं. मैदान वाचवणं चांगलंच. पण त्याच बरोत घर नसलेल्या कुटुंबांच्या तात्पुरत्या निवाऱ्याचा खर्च परिषदेला जड जातो. परिषदेची स्वतःची भाड्याची घरं १९९०च्या दशकातच गृहनिर्माण संस्थेकडे गेली. ज्याला घर आहे तो रहिवासी. ज्याला मिळायचं आहे त्याचा संघ कुठे आहे? कुंपणाच्या आतून पाहिलं की राजकारण दिसत नाही, एवढंच.

हा गड मतदारांनी पाडलेला नाही. ऑक्टोबर २०२५मध्ये सरकारने सरे परगण्यातल्या जिल्हा आणि बरो परिषदा बरखास्त करून पूर्व आणि पश्चिम अशा दोनच परिषदा करण्याचा निर्णय जाहीर केला. नवी व्यवस्था १ एप्रिल २०२७पासून. सुमारे ८१ हजार वस्तीचं एप्सम-युएल पूर्व सरेत, एल्मब्रिज, मोल व्हॅली, रायगेट-बॅनस्टेड आणि टँड्रिज यांच्या पंगतीत बसेल. गल्लीतल्या दिव्यासाठी ज्याचं दार ठोठावायचं, तो नगरसेवक आता कितीतरी मोठ्या मुलखाच्या सभागृहात असेल.

आठव्या हेन्रीने इथेच १५३८मध्ये नॉनसच नावाचा महाल बांधायला घेतला होता. दीडशे वर्षांच्या आत तो पाडून विकला गेला. महालाभोवतालचं उद्यान १९३७मध्ये, म्हणजे बरो झाली त्याच साली, भोवतालच्या परिषदांनी मिळून जनतेसाठी विकत घेतलं. त्याची देखभाल एप्सम-युएल आणि शेजारच्या सटनची संयुक्त समिती करते. गवत कधी कापायचं, वाहनतळ किती मोठा ठेवायचा, असल्या विषयांवर तिच्या सभा भरतात. तिथल्या एप्समच्या खुर्च्यांवर २०२७नंतर कोण बसणार, हे पूर्व सरे ठरवील.