आजीचें मूळचें नांव

‘आपण मूळचे कुठले?’ हा प्रश्न प्रवासांत कोणीहि सहज विचारतो. एका गांवाचें नांव सांगितलें कीं बहुतेकांचें काम भागतें. परंतु ज्याच्या घरीं तीन धर्म नांदले, त्यानें काय सांगावें? अमेरिकन चित्रपटकर्त्या व लेखिका सादिया शेपर्ड यांच्यापुढें हाच प्रश्न उभा राहिला. वडील अमेरिकेंतील ख्रिस्ती, आई पाकिस्तानांतील मुसलमान. आणि ज्या आजीच्या सहवासांत त्या वाढल्या, तिचें मूळचें नांव रेचल जेकब्स असल्याचें त्यांना तेराव्या वर्षीं कळलें. ही आजी जन्मानें बेने इस्राएल, म्हणजे महाराष्ट्रांतील मराठी यहुदी समाजाची. मुसलमान गृहस्थाशीं विवाह करून ती फाळणीनंतर कराचीस गेली होती. नातीनें आपल्या पूर्वजांचा शोध घ्यावा, ही तिची अखेरची इच्छा. त्यासाठीं सादियाबाई २००१ सालीं भारतांत आल्या. या शोधांतून बेने इस्राएलांवरील माहितीपट व २००८ सालीं प्रसिद्ध झालेलें ‘द गर्ल फ्रॉम फॉरिन’ हें पुस्तक निर्माण झालें.

या समाजाची परंपरा सांगते कीं, फार प्राचीन काळीं अलिबागजवळ नवगांवच्या किनाऱ्यावर एक गलबत फुटलें. सात पुरुष व सात स्त्रिया तेवढ्या वांचल्या. त्यांचे वंशज तेलाचा घाणा चालवूं लागले. शनिवारीं त्यांचा घाणा बंद असे, म्हणून शेजाऱ्यांनीं त्यांना ‘शनवार तेली’ म्हटलें. किहीम, पेण, रोहें या गांवांवरून ते केहिमकर, पेणकर, रोहेकर झाले. एलियाहू प्रेषिताच्या नांवानें ते पोहे, गूळ व ओलें खोबरें घालून मलिदा करीत. सामाजी हसाजी दिवेकर यांनीं १७९६ सालीं मुंबईंत बांधलेल्या त्यांच्या प्रार्थनामंदिराला लोक ‘जुनी मशीद’ म्हणूं लागले. धर्म निराळा होता. पण त्यामुळें माणसें परकीं ठरलीं नाहींत.

परकेपणाचा प्रश्न उठला तो पूर्वजांच्या भूमींत. १९४८ सालीं इस्राएल राष्ट्र स्थापन झाल्यावर समाजांतील बहुतेक कुटुंबें क्रमाक्रमानें तिकडे गेलीं. १९६२ सालीं तेथील धर्मपीठानें, इतर यहुद्यांशीं विवाह करूं इच्छिणाऱ्या बेने इस्राएलांच्या पूर्वजांची चौकशी करण्याचे आदेश काढले. ज्यांनीं पिढ्यान् पिढ्या शनिवार पाळला, त्यांनाच आपलें यहुदीपण सिद्ध करावयास सांगण्यांत आलें! समाजानें निकरानें विरोध केला, तेव्हां १९६४ सालीं हा भेदभाव मागें घेण्यांत आला. त्याच इस्राएलमध्यें पुढें या मंडळींनीं ‘मायबोली’ नांवाचें मराठी नियतकालिक काढलें.

सादियाबाईंच्या शोधाचा बोध यांतच आहे. आजीचें नांव सांपडलें म्हणून आईबापांचा वारसा पुसला जात नाहीं. दाखला मागणारा मनुष्याला एकाच रकान्यांत बसवूं पाहतो. आपलेपणा मात्र भाषेंत, ताटांतील पदार्थांत, आठवड्याच्या एका विसाव्याच्या दिवसांत मुरलेला असतो. रोहें सोडून समुद्रापार गेलेल्या घरांतहि आडनांव रोहेकरच राहिलें.