शीर्षकातील नाव आणि शीर्षकातील क्रमांक

गुन्हेशोधाच्या कथनात न्याय मिळवून देण्याची जबाबदारी कोणावर सोपविलेली आहे, याची पहिली खूण पुष्कळदा शीर्षकातच सापडते. दोन शेजारभाषांतील उदाहरणे या दृष्टीने बोलकी आहेत.

१९८८ मध्ये बेंगळुरूच्या कन्नड चित्रसृष्टीतून ‘सांग्लियाना’ हा चित्रपट आला. एच. टी. सांग्लियाना या प्रत्यक्षातील पोलीस अधिकाऱ्याच्या प्रतिमेवर तो बेतलेला होता आणि नायक होते शंकर नाग. मुंबईत मराठी रंगभूमीशी निकटचा संबंध आलेल्या या कलावंताने दूरदर्शनसाठी ‘मालगुडी डेज’ ही मालिकाही दिग्दर्शित केली होती. ‘सांग्लियाना’चा दुसरा भाग १९९० मध्ये आला. येथे शीर्षक म्हणजे व्यक्तीचे नाव. पोलीस खाते त्या व्यक्तीच्या तेजाने उजळते.

मराठी वाचकाला ही रीत अपरिचित नव्हती. हजाराहून अधिक रहस्यकथा लिहिणाऱ्या बाबूराव अर्नाळकरांचे झुंजार आणि काळा पहाड हे नायकही स्वतःच्या नावावरच ओळखले गेले.

मुंबई दूरदर्शनवरील बी. पी. सिंग यांच्या ‘एक शून्य शून्य’ या मराठी मालिकेने मात्र शीर्षकासाठी पोलिसांचा दूरध्वनी क्रमांक निवडला. हा बदल वरवरचा नव्हे. नाव नायकाकडे बोट दाखविते; क्रमांक मदत मागणाऱ्या नागरिकापासून सुरू होतो आणि हाकेला ओ देणारी व्यक्ती कोण, हे गौण ठरवितो. माध्यमाचा धर्मही याला अनुकूल होता. चित्रपट एका विजयाशी संपू शकतो. मालिकेत मात्र गुन्ह्यामागून गुन्हा येत राहतो. म्हणून तेथे एकट्या वीरापेक्षा कायमचे पथक अधिक स्वाभाविक वाटते.

याच मालिकेतील अभिनेते शिवाजी साटम पुढे सिंग यांच्याच ‘सी.आय.डी.’ या हिंदी मालिकेत पथकप्रमुख झाले. १९९८ मध्ये सुरू झालेल्या या मालिकेचे दीर्घ पहिले पर्व २०१८ मध्ये संपले. शीर्षक पुन्हा खात्याचेच होते. तपासही अभिजित, दया आणि न्यायवैद्यक तज्ज्ञ डॉ. साळुंखे यांच्यात वाटलेला होता. तरीही प्रेक्षकांच्या मनात ठसले ते ए.सी.पी. प्रद्युम्न. संस्थेवर विश्वास ठेवण्यासाठीही समाजाला एक ओळखीचा चेहरा लागतो, हेच यातून दिसते. क्रमांकाने मागे सारलेले नाव प्रेक्षकाने स्वतःच परत आणले.