विहिरीवरील पंप आणि विद्युतक्षेत्रातील ऊर्जा

रब्बी हंगामात जालना जिल्ह्यातील मंठ्यासारख्या भागात विहिरींवरील विद्युतपंप एकाच वेळी सुरू झाले की विजेचा दाब घसरतो, मोटारी तापतात आणि प्रसंगी रोहित्रही जळते. यावरील एक साधा उपाय म्हणजे प्रत्येक पंपाला योग्य क्षमतेचा कॅपॅसिटर बसविणे. महावितरण कंपनीने तसे आवाहन वेळोवेळी केले आहे. मात्र या लहानशा उपकरणाचे कार्य ठाऊक नसल्यास ते निरुपयोगी वाटण्याचा संभव असतो.

कॅपॅसिटरमध्ये धातूच्या दोन पातळ थरांमध्ये विद्युतरोधक पापुद्रा असतो. वीज जोडताच थरांवर परस्परविरुद्ध विद्युतभार जमतात व मधल्या जागेत विद्युतक्षेत्र निर्माण होते. ऊर्जा साठते ती या क्षेत्रात. भार जमत असताना दाब शून्यापासून वाढत जातो. म्हणून हिशेबात सरासरी, म्हणजे निम्मा दाब धरावा लागतो. यावरून सूत्र मिळते : धारितेला दाबाच्या वर्गाने गुणावे व 2 ने भागावे.

5 अश्वशक्तीच्या पंपाला साधारणतः 2 केव्हीएआरचा कॅपॅसिटर लागतो. त्यात सुमारे 12 मायक्रोफॅरडचे तीन भाग असतात. 415 व्होल्टच्या पुरवठ्यात दाबाचे शिखर 587 व्होल्टपर्यंत जाते. त्या क्षणी प्रत्येक भागात सुमारे 2 ज्यूल ऊर्जा असते. विजेच्या एका युनिटमध्ये 36 लाख ज्यूल असतात, हे पाहता हा साठा नगण्य वाटेल.

तथापि, त्याचे महत्त्व साठ्यात नसून देवघेवीत आहे. मोटारीतील चुंबकीय क्षेत्रासाठी लागणारी ऊर्जा सेकंदाला 100 वेळा ये-जा करते. कॅपॅसिटर नसल्यास ही ये-जा रोहित्रापर्यंतच्या तारांतून होते. असल्यास ती बरीचशी विहिरीजवळच भागते. मोटारीची कार्यक्षमता 80 टक्के व शक्तिगुणक 0.8 धरल्यास तारेतील प्रवाह सुमारे 8 अँपिअरवरून 7 अँपिअरच्या खाली येतो आणि तारेतील उष्णतारूपी अपव्यय जवळजवळ 30 टक्क्यांनी घटतो.

एक दक्षता मात्र आवश्यक आहे. वीजपुरवठा तोडल्यावरही कॅपॅसिटरमध्ये भार उरू शकतो व त्याचा जोराचा झटका बसू शकतो. म्हणून त्याची टोके उघड्या हाताने हाताळू नयेत. हे काम जाणकार वीजतंत्रीकडूनच करून घ्यावे.

एकाच शेतकऱ्याने कॅपॅसिटर बसविल्यास रोहित्रावरील भार थोडाच हलका होतो. त्या रोहित्रावरील सर्व पंपधारकांनी तो बसविल्यास लाभ सर्वांनाच मिळतो. ग्रामसभेत हा हिशेब मांडण्याचे काम पंचायत सदस्य व शिक्षक उत्तम प्रकारे करू शकतील.