यादीबाहेरची मैत्रीण

कागदपत्र पडताळणीहून परत आलेली फाईल लगेच ओळखू येते. जाताना कप्प्याकप्प्यात नीट लावलेली प्रमाणपत्रं येताना कशीबशी कोंबलेली असतात. यवतमाळच्या एका वकिलांच्या कार्यालयात ती पुन्हा लावणं हे माझं काम. दहावी, बारावी, डी.एल.एड., टीईटी (शिक्षक पात्रता परीक्षा), ‘टेट’ या अभियोग्यता चाचणीचं गुणपत्रक, जात वैधता. गुण मी नंतर बघते, आधी तारखा. याचिकेच्या सुरुवातीला जो सिनॉप्सिस जोडतात, त्यात तारखाच असतात. शिक्षक भरतीतले बहुतेक वाद तिथेच कळतात.

मागच्या उन्हाळ्यात झरी-जामणीकडच्या दोन मैत्रिणी आल्या. एकीचं नाव निवड यादीत आलं होतं, गावात पेढे वाटून झाले होते, आणि पडताळणीत शेरा पडला: अपात्र. डी.एल.एड.चा निकाल अर्जाच्या शेवटच्या तारखेनंतरचा होता.

“मॅडम, पेपर तं आधीच झाले होते. निकाल लागाले उशीर झाला, त्यात माही काय चूक?”

चूक तिची नव्हतीच. पण 2000 साली पंजाबातल्या शिक्षक भरतीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने क्रम घालून दिला आहे: अर्हतेची तारीख आधी सेवा नियमात बघायची, तिथे नसेल तर जाहिरातीत, तिथेही नसेल तर अर्जाची शेवटची तारीख धरायची. दिल्लीच्या एका शिक्षकाची शेवटची तारीख होती 29 ऑक्टोबर 2007 आणि बी.एड.चा निकाल लागला 28 जानेवारी 2008 रोजी. नेमणूक मिळूनही त्याची नोकरी गेली. 2013 मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही ती परत दिली नाही. ‘टेट’ला बसता आलं म्हणजे पदासाठी पात्र झालो, असं मुलं धरून चालतात. ते तसं नसतं.

मला खरा राग येतो तो तपासणीच्या क्रमाचा. शिक्षक भरतीच्या पवित्र पोर्टलवर उमेदवार स्वतःच स्वप्रमाणपत्र भरतो, पसंतीक्रम लॉक करतो, आणि मूळ कागद तपासले जातात ते निवड झाल्यावर. निकालाची तारीख आधीच तपासली असती तर हे पेढे वाटले गेले नसते.

जिल्हा परिषदेचा शिक्षक मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात जाऊ शकत नाही, ते राज्य सरकारी कर्मचाऱ्यांचं. म्हणून आमचा बस्ता निघतो दीडशे किलोमीटरवरच्या, उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाकडे. कधी बी.एड.वाल्यांचा असतो: पहिली ते पाचवीसाठी बी.एड. चालेल म्हणणारी 2018 ची अधिसूचना सर्वोच्च न्यायालयाने 11 ऑगस्ट 2023 रोजी रद्द केली. कधी टीईटीच्या मुदतीचा: ती आधी सात वर्षांची होती, 2021 मध्ये आजन्म झाली, तीही 2011 पासून मागे जाऊन.

आता तर नोकरीतले गुरुजीही विचारायला येतात. महाराष्ट्रातून गेलेल्या प्रकरणात 1 सप्टेंबर 2025 रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, निवृत्तीला पाच वर्षांहून जास्त काळ उरलेल्या शिक्षकांनी दोन वर्षांत टीईटी उत्तीर्ण व्हावं. ज्यांच्या नेमणुकीच्या दिवशी ही परीक्षाच नव्हती, त्यांनाही. वीस-पंचवीस वर्षं तांड्यापोडांवर शिकवलेला माणूस खुर्चीच्या काठावर बसून अभ्यासक्रम विचारतो, तेव्हा माझ्या तोंडून शब्द फुटत नाही.

अपात्र ठरलेल्या त्या मुलीच्या बाबतीत मात्र मन दोन्हीकडे ओढलं जात होतं. 1990 चा विजयनगरमच्या निवासी शाळेचा एक निकाल आमच्याकडे कायम टेबलावर असतो. जाहिरातीत एम.ए. द्वितीय श्रेणी मागितली होती, निवड झालेल्या बाईंची तृतीय. न्यायालय म्हणालं, हा फक्त नेमणारा आणि नेमलेला यांच्यातला मामला नाही. अट वाचून ज्यांनी अर्जच केला नाही, अन्याय त्यांच्यावरही होतो. त्यांची याचिका नसते, फाईल नसते.

बरोबरची मैत्रीण इतका वेळ पाण्याची बाटली मांडीवर धरून गप्प बसली होती. मी सहज विचारलं, “तुझं झालं का कुठे?”

“मी अर्जच नाही भरला.”

दोघी एकाच अध्यापक विद्यालयाच्या, एकाच वर्षाच्या. हिने मोबाईल पुढे केला. जाहिरातीचा स्क्रीनशॉट होता, अर्हतेच्या अटीखाली बोटाने ओढलेली लाल रेघ. “अट वाचली, निकाल नव्हता, सोडून देलं.” सांगताना तिच्या आवाजात तक्रार नव्हती. मैत्रिणीचा हात तिने घट्ट धरला होता.

वकीलसाहेबांनी दोघींनाही ऐकू जाईल असं सांगितलं, याचिका टिकणं अवघड आहे. तरी पहिलीने वकीलपत्रावर सही केली. आई-वडिलांना काय सांगू, म्हणाली. मी कागदांवर पानांचे आकडे टाकत गेले. डी.एल.एड.चं गुणपत्रक एकवीस नंबरला आलं. निकालाची तारीख झेरॉक्समध्ये पुसट उठली होती, म्हणून मूळ प्रत मागून पुन्हा काढली. तोवर दुसरी बाहेर पांढरकवड्याच्या गाडीची वेळ विचारत होती.