शिळा पाव, घोळ आणि मोसंबी

जालना जिल्ह्याचं इटलीशी नातं फार जुनं आहे. केळणा नदीकाठचं भोकरदन म्हणजे प्राचीन भोगवर्धन. सांची आणि भारहुतच्या दानलेखांत या गावच्या लोकांचा उल्लेख येतो. १९७३ साली नागपूर आणि मराठवाडा विद्यापीठांनी इथे उत्खनन केलं, तेव्हा हस्तिदंताची एक खंडित स्त्रीमूर्ती हाती लागली. तिच्याशी विलक्षण साम्य असलेली मूर्ती १९३८ साली इटलीतल्या पॉम्पेईत सापडली होती. आज ती नेपल्सच्या संग्रहालयात आहे. ती भोकरदन परिसरातच घडली असावी, असं काही अभ्यासकांचं मत आहे. इसवी सन ७९ मध्ये व्हेसुव्हियसच्या राखेने ही मूर्ती झाकली आणि त्याच राखेत तिथल्या भट्ट्यांमधले गोल, आठ फाकांचे पावही कोळसा होऊन टिकून राहिले.

पाव उरला की दुसऱ्या दिवशी त्याचं करायचं काय, हा इटलीतल्या घराघरांतला प्रश्न. टस्कनीत पाव बिनमिठाचा भाजतात. तो वाळला की पाण्यात भिजवून, घट्ट पिळून, कांदा-काकडीत कुस्करतात आणि वर तेल-व्हिनेगर घालतात. हीच ‘पान्झानेल्ला’. आज तिच्यात टोमॅटोही असतो, पण तो अमेरिकेतून सोळाव्या शतकात इटलीत पोहोचला आणि ताटात रुळायला त्याला आणखी बराच काळ लागला. त्याच शतकातल्या ब्रोंझिनो या फ्लोरेन्सच्या चित्रकाराने कांद्यावर लिहिलेल्या कवितेत कांदा, काकडी आणि घोळ यांच्या सॅलडची तारीफ आहे. घोळ म्हणजे आपल्या शेतात, बांधावर उगवणारी, लालसर देठांची, मांसल पानांची तीच आंबूस भाजी! आपल्याकडे ती डाळ घालून शिजवतात. कोवळी पानं कच्चीही उत्तम लागतात.

सॅलड म्हटलं की आइसबर्ग, ऑलिव्ह आणि मॉलमधल्या बाटल्या डोळ्यांपुढे येतात आणि हे आपल्या गावात जमायचं नाही, असं वाटतं. मला हे अजिबात पटत नाही. घोळ नसेल तेव्हा ज्वारीच्या रानात पाथरी असते. भाकरीसोबत कच्ची खाल्ली जाणारी ही किंचित कडवट भाजी लेट्यूसच्याच कुळातली आहे. सोबत पातीचा कांदा, काकडी, कोवळी मेथी आणि घट्ट टोमॅटो. झालं की!

आता क्रूटॉन, म्हणजे पावाचे भाजलेले चौकोनी तुकडे. भिजवलेल्या पावाऐवजी कुरकुरीत तुकडे जगभर गाजले ते सीझर सॅलडमुळे. हे सॅलड इटलीतलं नाहीच. सीझर कार्डिनी या इटालियन माणसाने मेक्सिकोतल्या तिहुआना गावी, स्वतःच्या हॉटेलात, १९२४ साली ते केलं असं मानतात.

क्रूटॉनला पाव शिळाच हवा. पाव शिळा होतो तो निव्वळ वाळल्यामुळे नव्हे. त्यातलं स्टार्च थंड होताना पुन्हा घट्ट रचनेत बसतं, म्हणून तो कडक लागतो. फ्रीजमध्ये ही क्रिया जोरात होते, तेव्हा उरलेला पाव एक रात्र फ्रीजमध्ये उघडा ठेवला तर कामच सोपं होतं. ताजा पाव सुरीखाली दबतो आणि तेलकट होतो. बेकरीतून न कापलेला ब्रेड आणावा आणि दोन सेंटिमीटरचे तुकडे करावेत. चार जणांसाठी चार-पाच जाड स्लाइसचे तुकडे आणि दोन मोठे चमचे तेल पुरे. घाण्याचं शेंगदाणा किंवा करडईचं तेल मला ऑलिव्हपेक्षा कमी वाटत नाही. ठेचलेला लसूण त्या तेलात कोमट करून काढून टाकावा, नाहीतर तो तव्यावर करपून कडू होतो.

जाड तवा, मंद आच, तुकडे एका थरात. सुरुवातीला तवा गप्प असतो. मग पावातलं पाणी निघू लागतं आणि बारीक चरचर ऐकू येते. ती थांबत आली की तुकडे आतपर्यंत वाळले असं समजावं. रंग त्यानंतर चढू द्यावा. आपल्या ब्रेडमध्ये साखर असते, म्हणून मोठ्या आचेवर बाहेरून काळा आणि आतून मऊ असा घोटाळा होतो. ओव्हन असेल तर १८० अंशांवर दहा-बारा मिनिटं, मध्ये एकदा हलवून. डब्यात भरताना तुकडे पूर्ण गार हवेत. गरम भरले तर वाफेने मऊ पडतात.

भाकरीचे क्रूटॉनही होतात. ज्वारीत ग्लुटेन नसल्याने भाकरीचे तुकडे भिजवले की विरघळतात, पण शिळ्या भाकरीचे तुकडे तव्यावर भाजले की पावापेक्षा कडक आणि खमंग होतात. शिळ्या भाकरीचे फोडणी देऊन कुटके करणाऱ्या घराला उरलेल्याचं मोल नव्याने सांगायला नको.

आंबटपणासाठी तीन भाग तेलाला एक भाग लिंबाचा रस. मीठ आधी रसात विरघळवावं, कारण तेलात ते विरघळत नाही. पानं धुऊन पंचावर पूर्ण कोरडी करावीत. ओल्या पानावर तेल चिकटत नाही आणि सगळा मसाला तळाशी जमतो. परमेसान चीजऐवजी पनीर घालतात, ते मला फिकं वाटतं. भरडसर दाण्याचा कूट तो खमंगपणा नेमका आणतो. क्रूटॉन मात्र वाढतानाच, सर्वांत शेवटी घालावेत.

आणि मोसंबी! जालन्याच्या मोसंबीला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळालं आहे आणि आंबिया बहाराची फळं दिवाळीच्या आगेमागे बाजारात असतात. सिसिलीत संत्र्याच्या चकत्या, कांदा, काळी ऑलिव्ह आणि तेल एवढ्यावर सॅलड होतं. तसंच मोसंबीचं करावं. साल आणि पांढरा पापुद्रा सुरीने पूर्ण काढून आडव्या चकत्या कराव्यात, बिया वेचाव्यात. मोसंबीत आंबटपणा कमी असतो, म्हणून लिंबू लागतंच. फळ आधीपासून चिरून ठेवू नये. रस सुटून थोड्या वेळाने कडवट होतो. वर पातळ कांदा, जाडसर कुटलेली मिरी, चिमूटभर बडीशेप आणि मूठभर क्रूटॉन. चकल्या-करंज्यांनी जड झालेल्या दुपारी हे ताट मांडायचं तर पाव आदल्या रात्रीच चिरून ठेवावा.