बांधलेल्या पायांची नगरे

ब्राझीलमधील पांतानाल या विस्तीर्ण पाणथळ प्रदेशात २३ सप्टेंबर २०२५ रोजी एक लहान विमान कोसळले आणि त्यात चिनी भूदृश्यरचनाकार कोंगज्यान यू यांचा अंत झाला. त्यांच्या कार्यावर माहितीपट काढणारे चित्रपटकर्मीही त्या विमानात होते. उद्याने आखणारा माणूस म्हणजे श्रीमंतांच्या हिरवळीचा सजावटकार, असा जो सर्वसाधारण समज आहे, त्याच्याशी यू यांनी आयुष्यभर उभा दावा मांडला होता.

चच्यांग प्रांतातील शेतकरी कुटुंबात १९६३ साली जन्मलेले यू बालपणी गावच्या ओढ्याला आलेल्या पुरात सापडले होते. काठच्या वाळुंजांनी व लव्हाळ्यांनी प्रवाह मंदावला म्हणून हाताला आधार लागला, असे ते सांगत. हार्वर्डची पदवी घेऊन ते मायदेशी परतले तेव्हा तेथे नद्यांना काँक्रीटच्या भिंतींत कोंडण्याचा सपाटा चालू होता. जुन्या चीनमध्ये प्रतिष्ठित घरच्या मुलींचे पाय बांधून खुजे करीत. शोभेसाठी निकामी केलेल्या त्या पायांची उपमा यू यांनी या नव्या नगरांना दिली. १९९८ मध्ये स्थापिलेल्या आपल्या संस्थेच्या नावातही त्यांनी ‘तुरेन’ (मातीतला माणूस, किंबहुना गावंढळ) हा शब्द बुद्ध्याच घातला. शेनयांगच्या एका विद्यापीठाच्या आवारात तर त्यांनी हिरवळीऐवजी भाताची खाचरे केली आणि विद्यार्थ्यांना लावणी-कापणीला उतरविले.

हार्बिन शहराच्या छुनली या नव्या भागातील काम विशेष पाहण्याजोगे. चहूबाजूंनी रस्ते झाल्यामुळे तेथील सुमारे ३४ हेक्टरांची पाणथळ जागा सुकत चालली होती. यू यांनी तिच्या गाभ्याला हात लावला नाही. केवळ कडेकडेने माती उकरून लहानमोठी तळी केली आणि त्याच मातीचे उंचवटे रचून त्यांवर बर्च वृक्ष लावले. भोवतालच्या वस्तीतील पावसाचे पाणी या तळ्यांत गाळ टाकते, निवळते व मग आतल्या पाणथळीत जाते. उंचावरून नेलेल्या पायवाटांवरून नागरिकांना हा सारा व्यवहार डोळ्यांनी पाहता येतो.

जुलै २०१२ मध्ये पेइचिंगच्या पुरात ७९ माणसे दगावली, तेव्हा कुठे राज्यकर्त्यांचे डोळे उघडले. पुढल्याच वर्षी ‘स्पंज नगरां’ची कल्पना सरकारी धोरणात आली. मात्र कल्पनेचे धोरण झाले की धोरणाचे कंत्राट व्हायला वेळ लागत नाही. जुलै २०२१ मध्ये चंगचौ शहरात एका तासात २०१.९ मिलिमीटर पाऊस कोसळला. स्पंज योजनेवर मोठा खर्च झालेला असूनही भुयारी रेल्वेत पाणी शिरून प्रवासी मृत्युमुखी पडले. एवढा पाऊस कोणतीही माती तासाभरात पिणार नाही, हे टीकाकारांचे म्हणणे रास्तच होते; पण सच्छिद्र फरशा बसविल्या म्हणजे नगर स्पंज होते, असे यू यांनीही कधी म्हटले नव्हते. त्यांना हवी होती ती नद्या-तळ्यांची हिरावलेली जमीन. आणि चीनमधील नगरशासनांच्या तिजोरीत दीर्घकाळ मोठी भर पडत आली ती नेमकी जमिनींचे हक्क विकासकांना विकूनच.